अनसाक्काच्या दुपारी

ओढ्यावरच्या पुलापाशी आलो आणि अनसाक्कानं मान पुढं केली. म्हणजे आता माझी पाळी. मी दोन्ही हातांनी यंत्र उतरवलं, चुंबळ नीट केली आणि डोक्यावर घेतलं. घोंगडीत गुंडाळलेलं होतं, तरी त्याची टिकटिक टाळूतून दातांपर्यंत उतरत होती. वजन भरल्या घागरीएवढं. पण घागर आपल्या चालीबरोबर डुचमळते तरी. हे आपल्याच तालात चालतं, खाली डोकं कुणाचं का असेना.

आमच्या मागं हुलसूरच्या गुंडेरावांनी पाठवलेली जीप येत होती. रिकामी. आम्ही थांबलो की थांबायची, चाललो की थकल्या बैलासारखी सरकायची. उसाचे ट्रॅक्टर तिला ओलांडताना हॉर्न वाजवायचे. शेवटी ड्रायव्हरनं खिडकीतून डोकं काढलं.

"अम्मा, बैठो ना. गाडी खाली, तुम पैदल. लोगां मेरेकू देख के हस रहें."

"हसू दे रे बाबा," अनसाक्का म्हणाली. "गाडीला हसायलेत, तुला न्हाई."

यंत्र चाकावर न्यायचं नाही, ही त्यांच्या घरची रीत. तिच्या सासऱ्यानं एकदा ते बैलगाडीत घालून नेलं होतं. गाडीच्या चाकांबरोबर आतली चाकंही फिरत गेली आणि हिशोबाचा काटा कुठल्या कुठं जाऊन बसला. तेव्हापासून ते माणसाच्या डोक्यावरूनच जातं, मग गाव कितीही लांब असो. आमच्या गावाहून हुलसूर म्हणजे सकाळी निघालं तर जेवणवेळ टळते. तिला एकटीला आता झेपत नव्हतं म्हणून मी सोबत निघाले. आमची भिंतीला भिंत लागून घरं.

अनसाबाई म्हणजे लिंगाप्पाची बायको. घराणं मेंढरांचं, पण मेंढरं तिच्या लग्नाच्या आधीच विकली गेलेली. ती तूर काढायला जाते, खात्रीच्या, म्हणजे रोजगार हमीच्या, कामावर माती उचलते. राहिलं ते एवढं यंत्र. तिचा सासरा कल्लप्पा तरुणपणी बिदरकडं मेंढरं घेऊन जायचा, मैलूरच्या बाजूला मेंढरांचं वाडगं टाकायचा. तिथं एका घड्याळजीच्या दुकानाबाहेर फेकलेली चाकं, कमानी, काटे त्यानं वेचून आणले. मेंढरांमागं बसून कुणी सूत कातं, कुणी पावा करतं. यानं हे केलं. घरातली एक पितळी परात कापून त्याला अंग दिलं. किती वर्षं लागली ते त्यालाही सांगता येत नसे.

त्याला दोन काटे. काळा काटा सूर्याबरोबर चालतो. लाल काटा आपल्या खुणेवर गप्प उभा असतो. चावी डावीकडं फिरवली की जिथवर टिकटिक ऐकू जाते तिथवर वेळ थांबतो. बाहेर सगळं चालू. रस्ता चालू, गाड्या चालू. आत मात्र सावली जिथं आहे तिथंच. आणि तितका वेळ लाल काटा पुढं सरकत राहतो, किती उसनं घेतलं ते मोजत.

आमच्या भागात याचा उपयोग दोनच कामांना व्हायचा. वऱ्हाडाची गाडी वाटेत बंद पडली की मुहूर्त धरून ठेवायला. आणि कुणी जायला टेकलं असेल आणि लेकरू वाटेत असेल तर तेवढा श्वास अडवून ठेवायला.

उसनं घेतलं ते फेडायलाही हवं. शेजारणीकडून वाटीभर पीठ आणलं तर आपण वाटी भरूनच परत करतो, तसं. थांबलेल्या वेळात माणूस मोजदाद नसलेलं जगतं. फेडताना मोजून द्यायचं आणि जगायचं मात्र नाही. त्याला चावी लागत नाही. यंत्रापुढं मांडी घालून दोन्ही तळवे पितळेवर टेकायचे. डोळे उघडे राहतात, पण आत काही नसतं. लाल काटा हळूहळू मागं येतो. एकच सांभाळायचं, बसलेल्या माणसाला नावानं हाक मारायची नाही. हाक लागली की माणूस उठतं आणि उरलेलं तसंच राहतं.

कुणी फेडलंच नाही असं एक वर्ष गेलं होतं म्हणतात. त्या वर्षी गावात दूध ठरेना, सकाळचं दुपारी नासायचं. तुरी शेंगेतच तडकल्या. मग कल्लप्पा स्वतः बसू लागला, त्याच्यामागं लिंगाप्पा आणि लिंगाप्पा गेल्यावर अनसाक्का. लोकांची समजूत अशी झाली की यंत्रापुढं नारळ फोडला म्हणजे फिटलं. नारळ फोडायचे, हळदकुंकू वाहायचे, अनसाक्काच्या ओटीत खण घालायचे आणि घरी जायचे. आमच्या घरच्यांनीही तेच केलं. देवाला दिलेलं देवाला पोचतं, पण दुपार अशी पोचत नाही, हे कुणाच्या मनातच आलं नाही. आमच्याकडं सगळं नारळावरच मिटतं ना.

पुलाच्या पुढं चढ लागला. अनसाक्का दम खायला थांबली आणि म्हणाली, "आज मी सांगणार हाय."

"काय?"

"फेडायला कोन बसतं ते आधी ठरवा, मग चावी. मी न्हाई बसायची आता. तुळजा यायलीय ना."

तुळजा तिची एकुलती एक लेक. लग्नाला बरीच वर्षं होऊन आता दिवस गेलेले. संक्रांत झाली की बाळंतपणाला माहेरी येणार होती. अनसाक्कानं गोधड्या शिवून ठेवल्या होत्या, डिंक आणून ठेवला होता.

"तुळजा कशी मोठी झाली मला ठावं न्हाई बघ रेणुका," ती म्हणाली. "एकदा बसले तवा पोरगी पाटीवर गिरवायली होती. उठले तवा चुलीपुढं भाकरी थापायली होती. असं एका दमात न्हाई झालं, पन मला आठवतंय ते असंच. आता लेकराचं तरी डोळ्यानं बघू दे."

"सांग की मग. घाबरायचं कामून?"

"घाबरत न्हाई. थकलेव."

ती एवढंच बोलली. मी मनात मैलारच्या मल्लण्णाचं नाव घेतलं आणि चालू लागले.

गुंडेरावांची अडत आहे. पुढं तुरीच्या पोत्यांच्या थप्प्या, मागं राहायचं घर. आम्ही पोचलो तेव्हा अंगणात माणसं जमलेली. मधल्या खोलीत त्यांचे वडील राघोबा, सगळ्यांचे आप्पा, खाटेवर होते. तोंड उघडं, छाती वर यायची आणि खाली जायची विसरायची. उशाशी त्यांची बायको नागूबाई, हातात ओला कपडा घेऊन.

"या अक्का," गुंडेराव पुढं आले. "किती उशीर? जीप पाठवलती की."

"आली की मागंमागं. चांगली हाय जीप."

दोघंतिघं हसले. गुंडेराव हसले नाहीत. त्यांचा धाकटा भाऊ व्यंकट मस्कतला कामाला. विमानानं हैदराबादला उतरला होता, तिथून गाडीनं निघाला होता. अजून जहीराबादही आलं नव्हतं. आप्पांनी दोन दिवस त्याचंच नाव घेतलं होतं आणि आता तेही थांबलं होतं.

कुणी पाहुणा म्हणाला, "फोनवर दाखवा की तोंड. आजकाल सगळं व्हतंय."

"फोनवरून पानी पाजता येतंय व्हय?" गुंडेराव त्याच्यावर खेकसले. "लाव अक्का चावी. वेळ न्हाई."

मी यंत्र खाटेजवळ उतरवलं. अनसाक्कानं घोंगडी सोडली, चावी हातात घेतली आणि तशीच बसून राहिली.

"फेडायला कोन बसनार, अण्णा?"

"म्हंजे?"

"मस्कतचं माणूस हाय. बराच वेळ धरावं लागंल. तेवढं कुनीतरी बसून द्यावं लागंल. घरचं माणूस सांगा."

गुंडेरावांनी बायकोकडं पाहिलं. ती म्हणाली, "मी कशी बसू? सुतकाची माणसं येतेल, कोन बघंल?" गुंडेराव म्हणाले, सौद्याचे दिवस आहेत, गाड्या भरायच्या आहेत. जावयानं मोबाइल कानाला लावला आणि अंगणात गेला. पाहुण्यानं त्याच्या गुडघ्याचं सांगितलं, मांडी घालता येत नाही म्हणून.

"नारळ अकरा फोडू," गुंडेराव म्हणाले. "साडी घे चांगली. काय लागंल ते सांग."

"नारळ नारळाच्या जागी, अण्णा. नारळानं दुपार फिटत न्हाई."

"आजवर तूच बसत आलीस की! आता काय झालं? तुला काय काम हाय घरी? मेंढरं हायेत का राखायला?"

अनसाक्काच्या हातातली चावी हलली. ती आता लावणार, सवयीनंच लावणार, असं मला वाटलं. इतकी वर्षं ती तेच करत आली होती. मला काहीतरी बोलायचं होतं, पण मोठ्यांच्या घरात, जाणाऱ्या माणसाच्या उशाशी, तोंड उघडेना. खाटेवरची छाती वर आली आणि वरच राहिली.

"मी बसते," नागूबाई म्हणाल्या. त्यांनी मान वर केली नव्हती. "लाव ग बाई चावी."

"आई, तू?" गुंडेराव म्हणाले.

"मग तू बस."

अनसाक्कानं चावी डावीकडं फिरवली.

मी आधी लांबून पाहिलं होतं, जवळ बसून पहिल्यांदाच. काही दणका बसत नाही. फक्त दारातल्या उन्हाचा पट्टा उंबऱ्याच्या चिरेवर आला होता, तो तिथंच राहिला. चुलीवर दूध ठेवलेलं, त्याची साय कडेनं थरथरत होती, ती थरथरतच राहिली. आप्पांचा श्वास वरच्या वर. ना आत, ना बाहेर. आम्ही बोलत होतो, उठत होतो, बसत होतो, पण भूक लागेना, तहान लागेना. कुणीतरी चहा दिला, तो पेल्यात निवेचना. नागूबाईंनी नवऱ्याचा हात धरला होता. त्या काहीबाही सांगत होत्या, घरातलं, शेतातलं, कुठल्याशा म्हशीचं, जी माझ्या जन्माआधी मेली असेल. कुणी त्यांना थांबवलं नाही. थांबवायला वेळ लागतो, आणि वेळ तर धरून ठेवलेला. लाल काटा तेवढा सरकत होता.

मग फाटकाशी गाडी वाजली आणि व्यंकट धावत आत आला. अंगावर विमानातलाच कोट. भावानं हातात पळी दिली. त्यानं वडिलांच्या तोंडात तुळशीचं पाणी सोडलं आणि "आप्पा, मी आलोय" म्हणाला. नागूबाईंनी अनसाक्काकडं पाहून मान हलवली.

चावी उजवीकडं फिरली. उन्हाचा पट्टा उंबऱ्यावरून एकदम अंगणाच्या कडेला गेला. दूध उतू गेलं. पाणी गिळल्याचा आवाज आला, की मला तसं वाटलं, आणि अडकलेला श्वास बाहेर पडला. त्यानंतर दुसरा आला नाही.

दिवस मावळायच्या आत आप्पांना नेलं. आम्ही दोघी पोत्यांच्या खोलीत राहिलो. शेजारच्या घरातून आलेलं जेवण अनसाक्कानं पानात तसंच ठेवलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी पुरुष माणसं बाहेर गेली तशा नागूबाई आमच्याकडं आल्या. पांढऱ्या कपाळाच्या. मला बघवेना.

"बसव मला," त्या म्हणाल्या.

"तेराव्यानंतर बसा आई. घाई न्हाई."

"मला हाय घाई. दुपारी जेवान झालं की त्यांना पान लागायचं. मी करून द्यायची. आता ही दुपार मी कुठं नेऊ? घे तू. घेऊन टाक."

अनसाक्कानं त्यांचे तळवे पितळेवर टेकवले. हात सुरकुतलेले, काताचे डाग अजून बोटांवर. बघता बघता डोळ्यांतलं माणूस निघून गेलं. चेहरा इतका सुटला की मला आधी भीती वाटली, मग हेवा वाटला. दाराशी सून आली, "आत्याबाई" म्हणायला तोंड उघडलं, तशी अनसाक्कानं बोट ओठांवर ठेवलं. सून मागं फिरली. लाल काटा खुणेकडं येत राहिला. बाहेर सावल्या लांबल्या.

काटा दोरा बांधलेल्या खुणेला लागला तशी नागूबाईंची पापणी हलली.

"झालं? इतक्यात?"

"झालं, आई. सगळं फिटलं."

त्या हात उचलेनात. हळूच म्हणाल्या, "आजून कुनाचं ऱ्हायलंय का? दुसऱ्याचं असलं तरी चालंल. मी बसते. उद्याबी येते म्हन."

अनसाक्काचा चेहरा असा झाला, जणू कुणी तिच्याच घरातली वस्तू दुसऱ्याच्या घरी दाखवावी. तिनं नागूबाईंचे हात धरून यंत्रावरून उचलले. जोर लावावा लागला.

"न्हाई आई. कुनाचं काई ऱ्हायलं न्हाई. उठा. चला, तोंड धुवा. सुनेला म्हनाव चहा टाक."

"बसू दे ग थोडं."

"न्हाई," अनसाक्का म्हणाली आणि घोंगडी गुंडाळायला लागली.

तिसऱ्या दिवशी सकाळी निघालो. गुंडेरावांनी साडी दिली, ती तिनं घेतली. जीप द्यायचं या खेपेला कुणाच्या लक्षात आलं नाही. यंत्र तिच्या डोक्यावर होतं. मला वाटलं, सुटल्याचं बरं वाटत असेल. फेडणारं माणूस मिळालं, गाठ सुटली, आता तुळजाच्या बाळंतपणाला मोकळी. मी तसं बोललेही. ती हूं म्हणाली.

ओढ्याच्या पुलापाशी आल्यावर तिनं मान पुढं केली नाही. यंत्र स्वतःच उतरवून कठड्याला ठेवलं आणि शेजारी बसली. मी चुंबळीसाठी हात पुढं केला, तर म्हणाली, "बस जरा."

मी बसले. खाली ओढ्यात पाणी थोडंच होतं. धुणं वाळत घातलेलं होतं.

"म्हातारी काय म्हनाली ऐकलीस ना? दुसऱ्याचं असलं तरी चालंल."

"दुःखात माणूस काहीबी बोलतं, अक्का."

"दुःखातच. मीबी तसंच बोललेव." तिनं घोंगडीची एक बाजू सारून काटा उघडा केला. लाल काटा पितळेत कोरलेल्या खुणेच्याही मागं गेला होता. थोडा नाही, चांगलाच मागं. "कालचं फिटलं तवा हितं आला. ह्या जागंला मीच दोरा बांधून ठेवलाय. खरी खूण ती कोरलेली. ती बघ, किती पुढं ऱ्हायली."

मला आधी कळेना. मग कळलं. गावाचं उसनं कधीच फिटलं होतं. त्यावर तिनं किती दुपारी जास्तीच्या घातल्या होत्या कुणास ठाऊक.

"तुळजाचे अप्पा गेले तवा पैला मैना खरंच लोकांचं फेडायले होते," ती म्हणाली. "मग फिटलं. तरी बसले. बसलं की काई ठावं ऱ्हात न्हाई ग. घर न्हाई, माणूस न्हाई, कंबर न्हाई. उठलं की दिवस बुडालेला, एक भाकरी टाकायची अन् निजायचं. गावाला सांगायची, तुमचं फेडायलेव. गाव आपलं खण नारळ आनून द्यायचं. कुनी विचारलं न्हाई, मीबी सांगितलं न्हाई. अन् पोरगी तिकडं एकटी."

माझ्या मनात आमच्या ओट्यावरचं एक लेकरू आलं. लहानपणी तुळजा दुपारी आमच्या ओट्यावर येऊन बसायची, तोंडावर हात ठेवून. मला वाटायचं, खेळ आहे तिचा काहीतरी.

"आता ती येईल," अनसाक्का म्हणाली. "बाळ रडंल, तिला कळा येतेल, माझी कंबर धरंल. दुपारी सगळी निजतेल. तवा मला परत तिथं जावं वाटंल, मी मला वळखते. म्हातारीला हात धरून उठवलं, पन मला कोन उठवंल?"

"यंत्र माझ्याकडं ठेव, अक्का. चावीसकट."

"तुझ्याकडं ठेवलं तर मी मागायला येईन. अन् तू देशील. तू न्हाई म्हननारी न्हाईस." ती हसली, थकून हसली. "चावीचं काम न्हाई त्याला. नुसते हात टेकायचे."

तिनं घोंगडी नीट केली, गाठ मारली. उठायच्या आधी माझ्या मनगटाला धरलं. तिची बोटं गार होती.

"एवढं कर. जेवनं झाली की भिंतीपल्याडून मला हाक मारत जा. नावानं. रोजच्या रोज. काम नसलं तरी मार, मीठ माग, काईबी माग. तुळजा मारनार न्हाई. दुपारी आईला हाक मारायची न्हाई, हे मीच तिला शिकवलंय. तू मार."